हरकत, दोन वाजून पंचवीस मिनिटांनी

माझे तेलुगू सोलापूरच्या पूर्व भागातले आहे. आमच्या घराला लागून तेलुगू विणकरांची घरे होती. दिवसभर मागांची खटखट, खळ लावलेल्या सुताचा आंबूस ओला वास, आणि रविवारी थिएटरात तेलुगू सिनेमा. पडद्यावर नायकाची पहिली चाहूल लागली की माणसे कागदाचे कपटे उधळत. मध्यंतरात ते आमच्या केसांत, झग्याच्या खिशांत, सोड्याच्या बाटलीत सापडत. पुढे मी पुण्याला जाऊन कविता शिकले, छंदांवर प्रबंध लिहिला, लग्न करून तोक्योला आले. पण कानाच्या तळाशी ते तेलुगू गाळासारखे साचून राहिले. ते कधी कुणाच्या उपयोगी पडेल असे मला वाटले नव्हते, आणि तोक्योतल्या ओजिमाच्या सरकारी वसाहतीत तर मुळीच नाही.

उपयोगी पडले ते चौथ्या मजल्यावरच्या बाईंना. बाई जपानी, पासष्टीच्या, एकट्या, आणि वसाहतीच्या कचरा-समितीवर. आमची पहिली भेट केचपच्या बाटलीवरून झाली. मी ती न विसळता टाकली होती आणि बाई ती दोन बोटांत धरून, एखाद्या आजारी पाखरासारखी, सहाव्या मजल्यावर परत घेऊन आल्या होत्या. दुसरी भेट लिफ्टमध्ये. बाई स्वतःशी गुणगुणत होत्या आणि ते शब्द तेलुगू होते. मला राहवले नाही. पुढची ओळ मी म्हटली. चौथा मजला आला, दार उघडले, मिटले. बाई उतरल्याच नाहीत.

तेव्हा मला कळले की तोक्योत तेलुगू सिनेमांच्या वेड्या अशा बाया पुष्कळ आहेत. जिथे ओरडायला परवानगी असते अशा खास खेळांना त्या जातात, खंजिऱ्या वाजवतात, नायक आला की कागदाचे कपटे उधळतात. आणि सिनेमा संपला की सगळ्याजणी पिशवीतून चिकटपट्टीचा रूळ काढून, गुडघ्यांवर बसून, आपापला कपटा वेचतात. बाईंनी मला अशा एका खेळाला नेले. पडदा पांढरा झाल्यावर दोनशे बाया अंधूक उजेडात जमीन टिपत होत्या, आणि मला सोलापूरच्या त्या थिएटरच्या झाडूवाल्याची आठवण येऊन हसू आवरेना.

बाईंनी पाहिलेल्या सिनेमांची संख्या माझ्याहून अधिक होती, पण भाषा पडद्याखालच्या जपानी अक्षरपट्टीतून आलेली. मी उरलेले भरून द्यायची. त्या बदल्यात त्यांनी आम्हां दोघांना नात्यात घेतले. सिनेमातली थोरल्या भावाची बायको ‘वदिना’, म्हणून मी, मागे आदराचे जपानी ‘सान’ लावून, ‘वदिना-सान’. माझा नवरा, जो पुण्याचा, संगणकातला, आणि बाईंपेक्षा पंचवीस वर्षांनी लहान, तो थोरला भाऊ म्हणजे ‘अन्नय्या-सान’. तो पहिल्यांदा ऐकून म्हणाला, “मला ऑफिसात सान लावतात तेच जड जातं. आता घरीही?”

बाईंना त्या सिनेमांतले सर्वांत जास्त काय आवडत असेल, तर तिथे कुणी पळून जात नाही हे. आमच्या चहाच्या बैठकींत त्या हे मला पुन्हापुन्हा समजावत. नायिकेचा बाप नाही म्हणतो. नायकाला दहा माणसे लोळवता येतात, गाडी उडवता येते; तिला घेऊन रातोरात जाणे त्याला काय कठीण? पण तो जात नाही. तो खोट्या नावाने तिच्याच घरात आचारी होऊन राहतो, आजीचे पाय चेपतो, काकांचे भांडण मिटवतो आणि चाळीस माणसांच्या कुटुंबाकडून एकेक होकार गोळा करतो. प्रेमविवाह असतो, पण शेवटी तो ठरवूनच होतो. “आमच्याकडे,” बाई म्हणत, “ठरवणं फार लवकर आटपतं.”

त्यांचे स्वतःचे लग्न ठरवूनच झाले होते, चोविसाव्या वर्षी. मध्यस्थ बाई, हॉटेलची बाग, एक तास, गार होत गेलेला चहा. दोन्ही घरांना पसंत. “कुणीच काही बोललं नाही. माझे वडील तर पेपर वाचत होते.” संसार चांगला झाला, नवरा भला होता, सहा वर्षांपूर्वी गेला. तरी तो पेपर त्यांच्या मनातून गेला नव्हता. मला ते कळत होते. आमच्याही पोह्यांच्या कार्यक्रमात कुणी भुवई उंचावली नव्हती. पत्रिका जुळली, उंची जुळली, माझ्या काकांनी दुसऱ्यांदा पोहे मागितले आणि मी दिली गेले.

तर अशा बाईंना, गेल्या वर्षी पावसाळी हवेत, एका गृहस्थांनी विचारले.

गृहस्थ समोरच्या इमारतीतले. अडुसष्टीचे, विधुर, सायकलदुरुस्तीचे दुकान चालवून निवृत्त झालेले. बोटांच्या रेषांत ग्रीस असा मुरलेला की हात धुतले तरी नकाशा दिसावा. बाईंचे लक्ष आधी त्यांच्या बाटल्यांकडे गेले. दर बुधवारी जाळीच्या पिंजऱ्याशी त्यांच्या प्लास्टिकच्या बाटल्या ठेवलेल्या असत: विसळलेल्या, वाळवलेल्या, कागद सोलून काढलेला, बुचे वेगळी. समितीवरच्या बाईचे काळीज त्या पारदर्शक रांगेपुढे पाघळले. मग बुधवारचे नमस्कार, मग हवेविषयी दोन वाक्ये, मग एकदा त्यांनी बाईंच्या सायकलची साखळी बसवून दिली. आणि जूनमधल्या एका सकाळी, ओल्या पुठ्ठ्यांच्या वासात उभे राहून, ते म्हणाले, “पुढच्या वर्षापासून आपल्या दोघांचा कचरा एकत्र टाकला तर?”

मी शृंगारावर पुष्कळ वाचले आहे. इतकी नेमकी ओळ वाचल्याचे आठवत नाही.

बाई धावत वर आल्या, गाल जर्दाळूसारखे. मी साखर काढली. पण त्या आठवड्याच्या शेवटी पुन्हा आल्या तेव्हा चेहरा उतरला होता. त्यांचा मुलगा क्योतोला विद्यापीठात संशोधक आहे, मातीतल्या बुरशीवर काम करतो, वर्षातून एकदा येतो. त्याला बाईंनी कळवले होते. त्यांनी फोन माझ्यापुढे धरला. उत्तर होते: ‘छान आहे.’ खाली अंगठा दाखवणारे एक अस्वल.

“बरंच झालं की,” मी म्हटले.

“काय बरं झालं? अस्वल!” बाई म्हणाल्या. “वदिना-सान, एक बाई घरातून जाते आहे आणि कुणी उंबऱ्यात आडवं येत नाही. याचा अर्थ काय? ती तिथे नव्हतीच.”

 तोडगाही बाईंनीच शोधला होता. त्या पाठ ताठ करून म्हणाल्या, “अन्नय्या-साननी हरकत घ्यावी.”

नवऱ्याला हे सांगितले तेव्हा तो भांडी विसळत होता. “मी?” तो म्हणाला. “मी आयुष्यात कुणाला नाही म्हटलेलं नाही. परवा त्या दुकानातल्या मुलीनं विचारलं, काटा हवा का? मी दही पिणार होतो. तरी हो म्हटलं.”

“एकदाच म्हणायचं आहे,” मी म्हटले. “त्यानंतर ते गृहस्थ मनापासून काहीतरी बोलतील, तू विरघळशील आणि आपण पेढे वाटू.”

“विरघळायचं मला जमेल. ते आधी घेता येणार नाही का?”

येणार नव्हते, कारण बाईंनी वेळापत्रक केले होते. ते मी जपून ठेवायला हवे होते. आखीव रेघांच्या कागदावर, सुबक अक्षरात: दोन वाजता आगमन. दोन दहा, पोहे. दोन वीस, वधू तबक घेऊन येते, खाली पाहते. दोन पंचवीस, अन्नय्या-सानची हरकत. दोन तीस ते दोन चाळीस, वराचे उत्तर. दोन पंचेचाळीस, अश्रू. तीन वाजता, चहा. तेलुगू घरांत मुलगी पाहायला येतात त्या कार्यक्रमाची ही तोक्यो आवृत्ती होती, गाडी सुटण्याच्या शिस्तीने बांधलेली. प्रती तीन काढल्या होत्या. चौथी काढायची नव्हती, कारण नायकाला पुढचे माहीत नसते.

त्या रविवारी मी फ्रीझरमधला कढीपत्ता फोडणीत टाकला आणि आमच्या दोन खोल्यांत एकदम कुणाचे तरी लग्न असल्यासारखा वास पसरला. बाईंना माझी इरकल नेसवली. आरशात पाहून त्या हळूच म्हणाल्या, “वजन आहे.” मोगरा मिळाला नाही, फुलवालीने जे पांढरे दिले ते केसांत माळले. नवरा बैठकीच्या खोलीत येरझारा घालत एकच वाक्य पाठ करत होता.

गृहस्थ एक वाजून अठ्ठावन्न मिनिटांनी आले. काळा सूट, बहुधा बायकोच्या अंत्यसंस्कारानंतर प्रथमच कपाटाबाहेर आलेला. डांबरगोळ्यांचा वास पोह्यांत मिसळला. त्यांनी तांदळाच्या कुरकुरीत बिस्किटांचा खोका दोन्ही हातांनी पुढे केला. पोहे खाल्ले. मिरची लागली, डोळ्यांत पाणी आले, तरी दाणा ठेवला नाही. दोन विसाला बाई आल्या, खाली पाहिले, आणि तबक ठेवून स्वयंपाकघराच्या पडद्याआड गेल्या. इरकलीचा काठ तेवढा खालून दिसत होता.

दोन चोविसाला नवऱ्याने बशीखालचे वेळापत्रक पाहिले. घोटभर पाणी प्यायला. मग उभा राहिला, आणि ज्याने दही प्यायला काटा घेतला होता तो माणूस, घसा साफ करून, जपानीत अत्यंत शुद्ध वाक्य बोलला: “हे लग्न होणार नाही.”



“मी थोरला भाऊ आहे,” नवरा पुढे मनचेच म्हणाला, कारण पाठांतर तिथपर्यंतच होते. “या माझी ‘चेल्लेम्मा’, म्हणजे धाकटी बहीण आहेत.”

अडुसष्ट वर्षांच्या गृहस्थांनी त्या चाळिशीतल्या थोरल्या भावाकडे पाहिले. क्षणभर मला वाटले, आता. आता हा माणूस पाठ सरळ करील, बुधवारांविषयी बोलील. त्यांनी चमचा बशीत आडवा ठेवला. गुडघ्यांवर आले आणि कपाळ चटईला टेकवले.

“आपलं म्हणणं अगदी योग्य आहे,” ते म्हणाले. “घरच्यांच्या मनाचा विचार न करता मी पुढे आलो. तसदी दिली. क्षमा असावी.”

आणि उठले. नवऱ्याने माझ्याकडे पाहिले. त्याच्या तोंडून “अहो, नाही, म्हणजे” असे मराठी बाहेर पडले, ज्याचा कुणालाच उपयोग नव्हता. दाराशी बूट घालण्याची पट्टी टाचेवरून सरकल्याचा बारीक आवाज आला. दार मिटताना त्यांनी त्याची मूठ धरून ठेवली, आवाज होऊ नये म्हणून. दोन वाजून एकतीस मिनिटे झाली होती. पडद्याआडून बाई म्हणाल्या, “उत्तर देतायत का ते?”

ठरवून केलेल्या भेटीत एका घराने नाही म्हटले की दुसऱ्याने चकार शब्द काढायचा नाही, हा इथला जुना शिष्टाचार. बाई त्यात वाढल्या होत्या, पण इतकी वर्षे दुसऱ्याच पडद्याकडे पाहून विसरल्या होत्या. आणि मी, जिला दोन्हीकडचे कळायला हवे होते, फोडणी देत होते.

पुढच्या बुधवारी गृहस्थांच्या बाटल्या पहाटेच ठेवून झालेल्या होत्या. त्याच्या पुढच्याही. रांग तशीच पारदर्शक, पण शेजारी कुणी उभे नाही. बाई त्यांच्याकडे जायला तयार नव्हत्या. “नायिका जात नसते,” त्या म्हणाल्या, पण आवाजात सिनेमा उरला नव्हता. नवऱ्याचे जेवण कमी झाले. “मी एका माणसाचा संसार मोडला,” तो म्हणायचा, “आणि तोही मांडायच्या आधी. इतकं कार्यक्षम मी ऑफिसात कधीच नव्हतो.”

शेवटी आम्ही दोघे समोरच्या इमारतीत गेलो, बेसनाच्या लाडवांचा डबा घेऊन. गृहस्थांनी आत बोलावले. खोलीत वंगणाचा आणि उदबत्तीचा वास होता. नवऱ्याने सगळे सांगितले: हरकत बनावट होती, वेळापत्रक होते, पुढचा भाग त्यांचा होता.

त्यांनी डबा बाजूला ठेवला. “म्हणजे मी काय करायला हवं होतं?”

“भांडायला,” मी म्हटले.

“कुणाशी?”

“माझ्याशी,” नवरा म्हणाला.

गृहस्थांनी त्याला आपादमस्तक न्याहाळले. “तुमची पाठ दुखते ना? सायकलची सीट दोन बोटं वर घ्या.”

मी त्यांच्याकडे बाईंची एक सिनेमाची तबकडी ठेवून आले. पाच दिवसांनी ते आमच्याकडे आले, हातात वही. पूर्ण पाहिला होता, दोन बैठकींत. शंका होत्या. नायक चार महिने त्या घरात खोट्या नावाने राहतो, तर पत्ता बदलल्याची नोंद वॉर्ड कचेरीत कशी करतो? बर्फातल्या गाण्यात नायिकेला स्वेटर का देत नाहीत? मी जमेल तशी उत्तरे दिली. ती त्यांनी लिहून घेतली. मग वही मिटली.

“एक लक्षात आलं,” ते म्हणाले. “त्या सिनेमात नाही कोण म्हणतं? ती गेल्यावर ज्याचं घर रिकामं होईल, तो. तुमचं होणार नाही. तुम्ही दोघं आहात.” नवऱ्याकडे वळून त्यांनी मान लववली. “अन्नय्या-सान, तुम्ही चुकीचे भाऊ आहात. राग मानू नका.”

“नाही, नाही,” नवरा म्हणाला. त्याच्या खांद्यांवरून काहीतरी उतरताना मला दिसले.

त्यानंतरच्या शनिवारी दुपारी बाई आमच्याकडे मेथी निवडायला बसल्या होत्या. बोटे हिरवी झाली होती, बोलणे बेताचे. त्यांचा फोन वाजला. मुलाचे नाव पाहून त्या गडबडल्या, कारण तो कधी फोन करत नसे. ओल्या बोटाने नेमके ध्वनिक्षेपकाचे बटण दाबले गेले, आणि क्योतोचा आवाज आमच्या मेथीवर सांडला.

“आई, इथे एक म्हातारा आलाय. विद्यापीठाच्या फाटकाशी. माझी सायकल उलटी करून बसलाय आणि म्हणतोय, ब्रेक झिजलेत, आणि तुमची हरकत ऐकायला आलोय. कोण आहे हा?”

बाईंनी माझ्याकडे पाहिले. “मी कळवलं होतं तुला.”

“काय कळवलं होतंस? तू लिहिलंस, एक एकटी बाई असते, समोरच्या इमारतीत एक माणूस राहतो, तो तिला कचऱ्यापाशी मागणी घालतो. तू दर रविवारी मला एका सिनेमाची गोष्ट पाठवतेस, आई! मला वाटलं, या वेळचा बरा दिसतोय.”

नवरा आतल्या खोलीतून धावत आला आणि दारात थबकला. बाई लाजून स्वतःविषयी ‘एक बाई’ म्हणून लिहितील, हे मला तरी कुठे सुचले होते?

“ती बाई मी आहे,” बाई म्हणाल्या.

 पलीकडे एक बस थांबली, निघाली. मग मुलगा बोलू लागला आणि त्याचा आवाज तिशीतल्या संशोधकाचा राहिला नाही. माझ्या खोलीचं काय? माझ्या शाळेच्या वह्या आहेत तिथे. मी नवीन वर्षाला येतो तेव्हा कुठे झोपायचं, या माणसाच्या घरी? मला न विचारता? आणि बाबांच्या फोटोचं काय? बाबांचा फोटो कुठे जाणार?

“माझ्याबरोबर,” बाई म्हणाल्या. “त्यांनी एकदा विचारलं होतं मला, फोटोवर सकाळचा उजेड कुठल्या बाजूनं पडतो म्हणून. त्यांची पूर्वेची खिडकी आहे.”

 मागून गृहस्थांचा सौम्य आवाज आला. ते कुणाकडे तरी पाना मागत होते.

“मला हे पसंत नाही,” मुलगा म्हणाला.  “ऐकतेयस ना? मी नाही म्हणतोय.”

बाईंनी हिरव्या तळव्याने फोन झाकला. डोळे भरून आले होते. “नाही म्हणाला,” त्या आम्हांला कुजबुजत म्हणाल्या, जसे कुणी निकाल लागला म्हणून सांगावे. नवऱ्याने दोन्ही हात जोडून छताकडे पाहिले. मग बाईंनी फोन पुन्हा तोंडाशी नेला, घरच्या लेकराशी बोलावे तशा आवाजात.

“घाई नाही,” त्या म्हणाल्या. “नीट म्हण. सगळं म्हण. ते थांबतील तिथे.”